प्रकरण ७ : बिनवासाचा घुसखोर

"पण गॅसचा वासच आला नाही हो! मग माणूस गेला कसा?"

थंडी पडली की दरवर्षी पेपरात एक ठरावीक बातमी येते. कुणीतरी आंघोळीला गेलं, बराच वेळ झाला तरी बाहेर आलं नाही. हाका मारल्या, दार ठोठावलं, शेवटी कडी तोडली. आत गॅस गीझर चालू, नळ चालू आणि माणूस खाली पडलेला. अंगावर जखम नाही, भाजल्याची खूण नाही. सिलिंडर तपासला तर कुठेही गळती नाही. मग जिन्यात जमलेले शेजारी वर लिहिलेला प्रश्न विचारतात, आणि त्याला धड उत्तर न मिळाल्यामुळे 'हार्ट फेल' म्हणून विषय संपतो.

प्रश्न अगदी नेमका आहे. आपल्याला शिकवलंय ते एवढंच, की गॅस म्हणजे वास, आणि वास नाही म्हणजे धोका नाही. स्वयंपाकाच्या गॅसपुरतं हे खरंही आहे. त्या गॅसला स्वतःचा असा वास जवळजवळ नसतो. गळती लगेच कळावी म्हणून कंपन्या त्यात मुद्दाम मर्कॅप्टन नावाचं उग्र वासाचं रसायन मिसळतात. पण बाथरूममधला माणूस सिलिंडरमधल्या गॅसने गेलेला नसतो. तो गॅस तर व्यवस्थित गीझरमध्ये जाऊन जळत होता. माणूस गेला तो त्या जळण्यातून तयार झालेल्या दुसऱ्याच वायूने. त्याचं नाव कार्बन मोनॉक्साइड. त्याला रंग नाही, वास नाही, चव नाही, आणि तो नाकातोंडात झोंबतही नाही.

हा वायू समजून घ्यायला एका माणसाची गोष्ट फार उपयोगी पडते. हा माणूस एकटा राहत होता, घड्याळाच्या काट्यावर जगत होता आणि रोजचं रोज लिहून ठेवत होता. त्यामुळे घुसखोर आत कसा शिरला आणि शिरल्यावर त्याने काय काय केलं, याचा तपशील आपल्याला आतून मिळतो.

१. बर्फात पुरलेली खोली

रिचर्ड बर्ड हे अमेरिकेच्या नौदलातले अधिकारी. १९२९ साली दक्षिण ध्रुवावरून विमानाने जाऊन आल्यामुळे त्यांचं नाव घरोघरी पोचलेलं होतं. १९३३ मध्ये ते दुसरी मोहीम घेऊन अंटार्क्टिकाला गेले. त्यांचा मुख्य तळ किनाऱ्याजवळ होता, त्याचं नाव 'लिटल अमेरिका'. पण हिवाळ्याच्या लांबलचक रात्रीत आतल्या भागात हवामान कसं असतं, याच्या नोंदी हव्या होत्या. म्हणून दक्षिणेला सुमारे २०० किलोमीटरवर एक पुढचा तळ उभारायचं ठरलं. तिथे तीन माणसं राहणार होती, पण तेवढ्यांना पुरेल इतकं सामान हिवाळ्याआधी पोचवता येईना. दोघांना महिनोन्‌महिने एका खोलीत कोंडलं तर ते एकमेकांच्या जिवावर उठतील, असं बर्ड यांचं मत होतं. चाळीत राहिलेल्या वाचकाला हे पटवून द्यायला नको. राहायचे तर तिघे, नाहीतर एकच. त्यांनी स्वतः एकटं राहायचं ठरवलं. २८ मार्च १९३४ रोजी बाकीचे परत गेले. बर्ड तेव्हा ४५ वर्षांचे होते.

खोली ९ फूट बाय १३ फूट. वाऱ्यापासून वाचावी म्हणून ती बर्फात खड्डा खणून त्यात बसवलेली होती. वर जायला छतात झडप, बाजूला बर्फातच खोदलेले बोगदे, त्यात डबाबंद अन्न आणि इंधनाचे पिंप. खोलीत तेलावर जळणारी शेगडी, तिचा धूर बाहेर नेणारं धुराडं, आणि हवा आत-बाहेर करायला नळ्या. एका बोगद्यात पेट्रोलचं छोटं इंजिन होतं. रेडिओला वीज लागेल तेव्हा ते चालवायचं. लिटल अमेरिकेतून माणसाचा आवाज ऐकू यायचा, बर्ड उत्तर मात्र मोर्सच्या टिक-टिकमध्ये द्यायचे. अशी भेट आठवड्यातून तीन दिवस, ठरलेल्या वेळी.

बाकी सगळा वेळ त्यांचा त्यांनाच भरायचा होता, आणि तो त्यांनी हिशेबाने भरला. सकाळी आठला आणि रात्री आठला हवामानाची निरीक्षणं. अधूनमधून झडप उघडून आकाश बघणं, उपकरणांवर साठलेला बर्फ खरवडणं. रोज थोडा वेळ संकटात बाहेर पडता यावं म्हणून नवा बोगदा खणणं. रोज रात्री अंगाचा एक तृतीयांश भाग धुणं, म्हणजे तीन दिवसांत आंघोळ पुरी. मग वाचन, ग्रामोफोन, पत्ते. एप्रिलच्या दुसऱ्या पंधरवड्यात सूर्य मावळला तो चार महिने उगवणार नव्हता. दिवस आणि रात्र यांतला फरक आता फक्त या वेळापत्रकात उरला होता.

मे महिन्यात काहीतरी बिघडायला लागलं. डोकं दुखायचं, डोळे चुरचुरायचे, जेवणानंतर उगाचच उदास वाटायचं. बर्ड यांनी शोध घ्यायचा प्रयत्न केला. शेगडीच्या धुराची शंका त्यांना आलीही होती. पण खाण्यात काही कमी पडतंय का, काळोखाचा परिणाम आहे का, आपलं मन कच्चं पडतंय का, अशा दहा शंकांमधली ती एक होती.

३१ मे रोजी रेडिओवर बोलणं चालू असताना इंजिनाचा आवाज बिघडला. ते बघायला बर्ड बोगद्यात गेले आणि तिथेच कोसळले. शुद्धीवर आल्यावर सरपटत बिछान्यापर्यंत आले. पुढचे कित्येक दिवस उठून पाणी गरम करणं हेही त्यांना मोठं काम झालं.

२. ज्योत उपाशी राहिली की

आता खोलीत काय चाललं होतं ते बघू.

लाकूड, कोळसा, रॉकेल, पेट्रोल, स्वयंपाकाचा गॅस, या सगळ्यांत कार्बन असतो. पेटवल्यावर कार्बनला हवेतला प्राणवायू मिळतो. पोटभर मिळाला तर कार्बनचा एक अणू प्राणवायूचे दोन अणू घेतो आणि कार्बन डायऑक्साइड तयार होतो. आपण श्वासातून बाहेर टाकतो तोच हा वायू. प्राणवायू कमी पडला तर कार्बनला दोनाऐवजी एकावर भागवावं लागतं. तो झाला कार्बन मोनॉक्साइड.

बर्ड यांच्या खोलीत हे दोन ठिकाणी होत होतं. शेगडीच्या धुराड्यात आणि हवेच्या नळ्यांत बर्फ साचत होता. त्यामुळे ताजी हवा नीट आत येत नव्हती आणि जळलेली नीट बाहेर जात नव्हती. बोगद्यातलं इंजिन तर एका बंद बिळातच चालत होतं. जितकी थंडी जास्त तितका नळ्यांत बर्फ जास्त, आणि थंडी जास्त म्हणून शेगडीही जास्त वेळ पेटलेली.

आपल्याकडे धूर दिसत नाही म्हणजे आग 'स्वच्छ' जळते असं मानतात. लाकडी कोळशाची शेगडी अंगणात फुलवायची, धूर गेला, निखारे लाल झाले की उचलून खोलीत आणायची, असं पिढ्यान्‌पिढ्या चालत आलंय. पुढच्या वेळी त्या निखाऱ्यांकडे अंधारात नीट बघा. लाल निखाऱ्यांवर फिकट निळ्या ज्योती नाचताना दिसतात. तो कार्बन मोनॉक्साइडच जळत असतो. ढिगाच्या पोटात तो तयार होतो, वर येतो, तिथे हवा मिळाली तर पेटतो. जो पेटत नाही तो खोलीत पसरतो. धूर निदान डोळ्यांत जाऊन माणसाला बाहेर तरी काढतो.

३. रुमाल टाकलेली जागा

शरीरात गेल्यावर हा वायू करतो काय?

रक्तातल्या लाल पेशींत हिमोग्लोबिन नावाचं प्रथिन असतं. फुप्फुसातून प्राणवायू उचलायचा आणि मेंदू, हृदय, स्नायू यांच्याकडे उतरवायचा हे त्याचं काम. हिमोग्लोबिनचा प्रत्येक रेणू म्हणजे चार सीटची छोटी एसटी आहे असं समजा. फुप्फुसाच्या स्टँडवर प्राणवायू चढतो, मेंदूच्या थांब्यावर उतरतो, गाडी रिकामी होऊन परत येते. कार्बन मोनॉक्साइड हा खिडकीतून रुमाल टाकून जागा धरणारा प्रवासी. जागा पकडण्यात तो प्राणवायूपेक्षा दोनशे-सव्वादोनशे पट चपळ असतो आणि एकदा बसला की लवकर उठत नाही. वर आणखी एक उपद्रव म्हणजे तो गाडीत असला की शेजारी बसलेला प्राणवायूही आपल्या थांब्यावर सहजी उतरत नाही. गाड्या धावत असतात, भरलेल्या दिसतात, पण थांब्यावर कुणी उतरतच नाही.

आता एक छोटं गणित. हवेच्या दहा लाख भागांत प्राणवायूचे साधारण २,१०,००० भाग असतात. कार्बन मोनॉक्साइडची चपळाई २१० पट धरली, तर प्राणवायूची बरोबरी करायला त्याला किती भाग लागतील? २,१०,००० भागिले २१०, म्हणजे १,०००. दहा लाखांत हजार, म्हणजे शेकडा ०.१. हवेत एवढासा वायू असेल आणि माणूस पुरेसा वेळ ती हवा घेत राहिला, तर रक्तातल्या निम्म्या जागा त्याच्या होतात. निम्म्या जागा गेल्या की माणूस बेशुद्ध पडतो आणि मृत्यूच्या दारात असतो.

हेच बाथरूममध्ये मांडू. पाच बाय सात फुटांचं, आठ फूट उंचीचं बाथरूम म्हणजे २८० घनफूट, सुमारे ८,००० लिटर हवा. तिचा ०.१ टक्का म्हणजे ८ लिटर. आंघोळीची बादली निम्मी भरेल एवढा वायू तेवढ्या खोलीला पुरतो. दार-खिडकी लावलेली असेल आणि गीझरची ज्योत खोलीतलीच हवा खात असेल, तर हे घडायला अवघड काहीच नाही.

४. शेगडी चालू ठेवायची की बंद?

कोसळल्यानंतर बर्ड यांना कारण कळलं होतं. पण कारण कळून करायचं काय? शेगडी पेटवली तर विष, विझवली तर बाहेर शून्याखाली पन्नास-साठ अंश. त्यांनी मधला मार्ग काढला. दिवसातले बरेच तास शेगडी बंद ठेवायची आणि बिछान्यातल्या पिशवीत पडून राहायचं. भिंतींवर आतून बर्फ चढत गेला. अंगात जे थोडं त्राण उरलं होतं ते झडपेपर्यंत चढून आठच्या नोंदी घेण्यात जायचं. त्या नोंदी त्यांनी सोडल्या नाहीत. पुढे हाताने फिरवायचं जनित्र वापरून ते मोर्समध्ये उत्तरं देऊ लागले. ते फिरवतानाही धाप लागायची.

आपण आजारी आहोत हे त्यांनी तळावर कळू दिलं नाही. कळलं असतं तर ऐन हिवाळ्यातल्या काळोखात, भेगाळलेल्या बर्फावरून माणसं आपल्याला आणायला निघतील आणि वाटेत मरतील, ही त्यांची भीती होती. यातला निर्धार मोठा आहे. पण मला त्यातली दुसरी बाजू जास्त महत्त्वाची वाटते. हा निर्णय घेणारा मेंदू तोच होता ज्याला प्राणवायू कमी पडत होता.

कार्बन मोनॉक्साइडची सगळ्यात वाईट खोड इथे आहे. शरीरात प्राणवायूची सगळ्यात जास्त गरज मेंदूला आणि हृदयाला असते, म्हणून पहिला फटका त्यांनाच बसतो. डोकं जड होतं, मळमळतं, हातपाय गळतात, विचार विस्कळीत होतात. 'इथून उठून बाहेर जायला हवं' हा निष्कर्ष ज्या मेंदूने काढायचा तोच गळपटलेला असतो, आणि कधीकधी निष्कर्ष निघाला तरी पाय साथ देत नाहीत. घरात दुसरं कुणी असेल तर त्याच्या लक्षात येण्याची थोडीफार शक्यता राहते, अर्थात तो दुसऱ्या खोलीत असेल तरच. एकट्याला तीही सोय नाही.

बर्ड यांच्या बाबतीत लक्षात आलं ते २०० किलोमीटरवर. मोहिमेतले प्रमुख शास्त्रज्ञ थॉमस पोल्टर यांना टिक-टिकमध्ये चुका वाढलेल्या जाणवल्या. शब्द अर्धवट राहत होते, उत्तरांना उशीर होत होता. ज्या माणसाचं सगळं वेळेवर आणि चोख असायचं त्याच्याकडून हे येत होतं, म्हणूनच ते खटकलं. पोल्टर यांनी उल्का बघायला पुढच्या तळावर जायची योजना मांडली आणि ट्रॅक्टर बाहेर काढला. जुलैतला प्रयत्न अर्ध्यातून परतला. ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यात पोल्टर, डीमस आणि वेट असे तिघे पोचले. बर्ड यांनी झडपेतून बाहेर येऊन त्यांचं स्वागत केलं, खाली गरम सूप तयार आहे म्हणून बोलावलं आणि खाली उतरल्यावर ते कोसळले. विमानाने परत नेण्याजोगी त्यांची तब्येत व्हायला ऑक्टोबर उजाडला. या अनुभवावरचं त्यांचं 'अलोन' हे पुस्तक १९३८ मध्ये आलं.

५. झपाटलेलं घर

हा वायू भासही घडवू शकतो. १९२१ साली विल्यम विल्मर या अमेरिकन नेत्रतज्ज्ञाने नेत्ररोगांच्या एका वैद्यकीय नियतकालिकात एका कुटुंबाची हकिकत छापली. नाव झाकून, नुसतं 'एच' म्हणून. १९१२ मध्ये हे कुटुंब एका मोठ्या जुन्या घरात राहायला आलं. काही दिवसांत सगळ्यांचीच डोकी धरायला लागली. मुलं पांढरीफटक पडली, जेवेनाशी झाली. कुंड्यांतली झाडं मरायला लागली. मग वरच्या मजल्यावर पावलं वाजायला लागली. कुणीतरी मागून येतंय असं घरच्या पुरुषाला वाटायचं. बाईंना अनोळखी बाई दिसायची. नोकरमाणसंही असेच अनुभव सांगायला लागली.

आपल्याकडे असं झालं असतं तर वास्तुशांत, नारळ, अंगारा असा क्रम लागला असता. त्यांच्याकडेही भुताचीच चर्चा चालू होती. शेवटी एका नातेवाइकाला आठवलं, की असल्याच लक्षणांची विषबाधेची एक हकिकत त्याने वाचली होती. त्यावरून घर गरम ठेवणारी तळघरातली भट्टी तपासली. ती मोडकळीला आली होती आणि तिचा वायू धुराड्यातून वर जायच्या ऐवजी घरात पसरत होता. भट्टी दुरुस्त झाली आणि भूत गेलं.

सगळ्या झपाटलेल्या घरांत भट्टी बिघडलेली असते असा याचा अर्थ नाही. अर्थ एवढाच, की कमी प्राणवायूवर चालणारा मेंदू आवाज आणि आकृत्या तयार करू शकतो, आणि त्या आतून खऱ्या वाटतात.

६. आपल्या घरात

पुन्हा बाथरूमकडे येऊ. गॅस गीझर बाथरूमच्या आत बसवूच नये. तो बाहेर, मोकळ्या हवेच्या गॅलरीत लावावा आणि आत फक्त गरम पाण्याची पाइप आणावी. जागेअभावी तो आत असेलच, तर आधी दार उघडं ठेवून बादली भरून घ्यावी, गीझर बंद करावा आणि मग आंघोळीला बसावं. दोन मिनिटं जातात, पण ज्योत आणि माणूस एकाच बंद खोलीत राहत नाहीत. घरातल्या एकट्या म्हाताऱ्या माणसासाठी मी तर विजेच्या गीझरचाच आग्रह धरीन.

शेगडी बंद खोलीत रात्रभर ठेवू नये. बाळंतिणीच्या खोलीत तर अजिबात नको. पोटातल्या बाळाचं आणि तान्ह्या बाळाचं हिमोग्लोबिन या वायूला आणखी घट्ट धरतं. वीज गेल्यावर दुकानाचं शटर अर्धं ओढून आत जनरेटर लावणं, बंद गॅरेजमध्ये गाडी चालू ठेवणं, हे बर्ड यांच्या बोगद्यातलं इंजिनच. हा वायू स्वयंपाकाच्या गॅससारखा जमिनीलगत साचत नाही. त्याचं वजन हवेहून जराच कमी असतं, त्यामुळे तो सगळीकडे सारखा मिसळतो. खाली वाकून किंवा स्टुलावर चढून सुटका नाही.

कोळशाच्या खाणींत यासाठी कॅनरी पक्षी नेत. जे. एस. हाल्डेन या ब्रिटिश शास्त्रज्ञाने १८९०च्या दशकात स्वतः हा वायू हुंगून, स्वतःचं रक्त तपासत त्याचे परिणाम नोंदवले आणि छोटे प्राणी सोबत न्यायची शिफारस केली. इवलासा पक्षी भरभर श्वास घेतो, म्हणून माणसाआधी मान टाकतो. ब्रिटनच्या खाणींतून हे पक्षी १९८६ मध्ये निवृत्त झाले आणि त्यांची जागा यंत्रांनी घेतली. तसलं छोटं यंत्र घरासाठीही मिळतं. घेताना ते कार्बन मोनॉक्साइडचंच आहे ना, हे बघून घ्या. धुराचं किंवा स्वयंपाकाच्या गॅसच्या गळतीचं यंत्र याला ओळखत नाही.

कुणी बेशुद्ध सापडलं तर आधी दारं-खिडक्या उघडा, गीझर किंवा शेगडी बंद करा, माणसाला मोकळ्या हवेत न्या आणि लगेच रुग्णालयात हलवा. श्वास रोखून आत शिरायचं आणि तसंच बाहेर यायचं. सोडवायला गेलेला दुसराही तिथेच पडल्याच्या घटना घडतात. करोनाच्या काळात घरोघरी आलेला बोटाला लावायचा ऑक्सिमीटर इथे फसवतो. जागा भरलेली आहे एवढंच त्याला कळतं, बसलंय कोण ते कळत नाही. त्यामुळे मरणाऱ्या माणसाच्या बोटावरही तो ९८ दाखवू शकतो. रक्ताची वेगळी तपासणी लागते आणि ती करायची तर डॉक्टरांना संशय यायला हवा. म्हणून गीझर चालू होता, शेगडी होती, हे आपण होऊन सांगा. साध्या हवेत रक्तातला निम्मा वायू जायला चार ते सहा तास लागतात. मास्क लावून शुद्ध प्राणवायू दिला तर तासा-दीड तासात तेवढा जातो. शुद्धीवर आलं म्हणून घरी नेण्याची घाई करू नये, कारण विस्मरण आणि गोंधळ कधीकधी काही दिवसांनी, आठवड्यांनी डोकं वर काढतात.

थोडा थोडा वायू रोज अंगात जात असेल तर निदान आणखी अवघड. लक्षणं फ्लूची वाटतात, फक्त ताप नसतो. अशा वेळी जाणता डॉक्टर विचारतो, "घरात आणखी कुणाचं डोकं दुखतंय का?" एकट्या राहणाऱ्याला हा प्रश्न विचारून उपयोग नसतो. त्याला विचारायचं ते असं: "घराबाहेर पडल्यावर डोकं थांबतं का? दिवाळीत मुलाकडे चार दिवस राहिलात, तेव्हा दुखलं होतं?"